कैफियतीची तारीख उलटली? ठाणे-बेलापूरच्या कोर्टात उशीर माफ कसा होतो

समन्स हातात पडलं की आधी पेन शोधा आणि त्याच कागदाच्या कोपऱ्यात आजची तारीख लिहा. कुणी घेतलं, सोबत दाव्याची प्रत होती की नव्हती, तेही लिहा. पोस्टानं आलं असेल तर पाकीट फेकू नका. त्यावरचा शिक्का पुढे पुरावा म्हणून लागतो. ठाण्याच्या जिल्हा न्यायालयात दिवाणी बाजूला वकिली करताना मी कितीतरी लोकांना विचारलंय, ‘समन्स कधी मिळालं?’ उत्तर बहुतेक वेळा ‘दिवाळीच्या आसपास’ असं येतं. त्या ‘आसपास’मध्ये दोन आठवडे मावतात, आणि मुदत असते ३० दिवसांची.

हा लेख कोर्टाची पायरी पहिल्यांदा चढणाऱ्यांसाठी आहे. ऐरोलीत फ्लॅट घेतलेला नोकरदार, तुर्भ्याला मालाचे पैसे अडकलेला व्यापारी, सिडकोनं घेतलेल्या जमिनीच्या बदल्यात मिळालेल्या साडेबारा टक्क्यांच्या प्लॉटवरून भावाबहिणींत दावा लागलेलं प्रकल्पग्रस्त कुटुंब, अशांसाठी. वकील तुम्हाला लागेलच. पण उशीर कशामुळे झाला हे वकिलाला माहीत नसतं, तुम्हालाच माहीत असतं. आणि न्यायाधीश उशीर माफ करतात की नाही, हे बऱ्याच अंशी तुम्ही वकिलाला काय सांगता आणि कोणते कागद देता यावर ठरतं.

आधी दिवस मोजा

दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ८ नियम १ प्रमाणे प्रतिवादीनं, म्हणजे ज्याच्यावर दावा झालाय त्यानं, समन्स मिळाल्यापासून ३० दिवसांत आपली लेखी कैफियत, म्हणजे दाव्याला उत्तर, द्यायची असते. नाही जमलं तर न्यायालय कारणं नोंदवून मुदत वाढवू शकतं, ती समन्स मिळाल्यापासून ९० दिवसांपर्यंत. लोक इथेच चुकतात. ३० संपल्यावर नवे ९० मिळत नाहीत, एकूण ९०.

समन्स मिळालं तो दिवस सोडून द्यायचा आणि दुसऱ्या दिवसापासून मोजायला लागायचं. समजा, १५ मार्चला समन्स मिळालं. तिसावा दिवस १४ एप्रिलला येतो, म्हणजे आंबेडकर जयंतीला, आणि त्या दिवशी कोर्टाला सुट्टी. मग कोर्ट उघडेल त्या पहिल्या दिवशी दाखल केलेली कैफियत मुदतीतलीच धरली जाते. याच उदाहरणात नव्वदावा दिवस १३ जूनला येतो. मात्र वाढीव मुदतीचा शेवटचा दिवस सुट्टीत येत असेल तर या सवलतीवर विसंबू नका. लवाद कायद्याखालच्या प्रकरणांत सर्वोच्च न्यायालयानं वाढीव काळाला सुट्टीची ही सवलत दिलेली नाही, आणि समोरचा वकील तो निकाल घेऊन उभा राहू शकतो. मेच्या उन्हाळी सुट्टीच्या आधीच कागद आत गेलेला बरा.

आणखी एक गोष्ट. दाव्यासोबत तात्पुरत्या मनाईचा अर्ज असेल, ज्याला कोर्टात सगळे ‘निशाणी ५’ म्हणतात, तर त्यासाठी तुम्हाला ३० दिवस मिळतीलच असं धरू नका. त्यावरचं तुमचं म्हणणं समन्समध्ये दिलेल्या तारखेलाच मागितलं जातं. ‘कैफियतीला महिना आहे ना’ म्हणून त्या तारखेला घरी बसलेल्या माणसाच्या विरुद्ध मनाईहुकूम होतो आणि तो मग कोर्टाच्या व्हरांड्यात डोक्याला हात लावून बसतो.

‘समन्स घेतलंच नाही तर केस लागत नाही’ ही समजूत दिव्यापासून दिघ्यापर्यंत सगळीकडे आहे, आणि ती घातक आहे. नकार दिला तर तसा शेरा बसतो आणि न्यायालय समन्स बजावलं गेलं असं धरू शकतं. दारावर चिकटवूनही बजावणी होते, वर्तमानपत्रात देऊनही होते. समन्स घेतलं नाही म्हणून मुदत थांबत नाही, फक्त ती कधी सुरू झाली हे तुम्हाला कळत नाही.

दावा कोणत्या प्रकारचा आहे ते बघा

न्यायालयाचा विवेकाधिकार, म्हणजे परिस्थिती बघून ठरवायचा अधिकार, सगळीकडे सारखा नसतो. काही ठिकाणी दार उघडायला जागा आहे, काही ठिकाणी कायद्यानंच कुलूप लावलेलं आहे. म्हणून केस क्रमांकाच्या आधी काय लिहिलंय ते वाचा. आर.सी.एस. म्हणजे नियमित दिवाणी दावा, स्पेशल सी.एस. म्हणजे वरिष्ठ स्तर न्यायालयातला विशेष दिवाणी दावा. समन्सवर १६ अक्षरांचा सीएनआर क्रमांक असेल तर तो ई-कोर्ट्सच्या ॲपमध्ये टाका. ठाणे जिल्ह्यातल्या केसचा क्रमांक ‘एमएचटीएच’ या अक्षरांनी सुरू होतो. तारीख, टप्पा, आधीचे आदेश सगळं दिसतं.

साध्या दिवाणी दाव्यात ९० दिवसांची मर्यादा लोखंडी नाही. सर्वोच्च न्यायालयानं २००५ मध्ये एका निवडणूक याचिकेतून आलेल्या प्रकरणात, आणि त्याच वर्षी सेलम वकील संघाच्या याचिकेत, हे स्पष्ट केलं की ही तरतूद प्रक्रियेची आहे, न्याय पुढे नेण्यासाठी आहे; अपवादात्मक अडचण असेल तर ९० दिवसांनंतरही कैफियत घेता येते. पण त्याच निकालांत हेही बजावलेलं आहे की हा अपवाद नेहमीचा रिवाज होता कामा नये. माझ्या अनुभवात लोक पहिलं वाक्य ऐकतात आणि दुसऱ्याआधीच उठून जातात.

व्यापारी दाव्यात मात्र १२० दिवस म्हणजे १२० दिवस. २०१५ च्या कमर्शियल कोर्ट्स ॲक्टनं कैफियतीचा हक्कच त्यानंतर संपवला आहे, आणि २०१९ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं एससीजी कॉन्ट्रॅक्ट्सच्या प्रकरणात सांगितलं की एकशे एकविसाव्या दिवशी न्यायालयाला ती घेण्याचा अधिकारच राहत नाही. २०१८ च्या दुरुस्तीनंतर ३ लाख रुपयांपासूनचे व्यापारी वाद या कायद्यात येतात. म्हणजे वाशीच्या बाजारातल्या मालाच्या उधारीचा किंवा वागळे इस्टेटमधल्या गाळ्याच्या भाड्याचा वादही यात बसू शकतो. वकिलाला पहिल्याच भेटीत विचारा, ‘हा कमर्शियल म्हणून नोंदलाय का?’ हा एक प्रश्न विचारायचा राहिला म्हणून चांगला बचाव हातात असूनही मुकाट्यानं बसावं लागलेली माणसं मी पाहिली आहेत, आणि त्यांना ‘आता काही करता येत नाही’ हे सांगणं या कामातलं सर्वात जड काम आहे.

ग्राहक आयोगात ३० अधिक १५, असे ४५ दिवस. २०२० मध्ये पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठानं हिली मल्टिपर्पजच्या प्रकरणात त्यापुढे एक दिवसही देता येणार नाही असं ठरवलं. बिल्डरविरुद्ध तक्रार करणाऱ्यांना हे माहीत असलेलं बरं, कारण इथे उशीर करणारा बहुधा समोरचा असतो. अट एवढीच की नोटिशीबरोबर तक्रारीची प्रत त्याला पोचलेली असली पाहिजे.

समरी सूटमध्ये, म्हणजे वचनचिठ्ठी, चेक किंवा लेखी कराराच्या पैशांसाठीच्या झटपट दाव्यात, समन्सनंतर १० दिवसांत हजेरी लावायची आणि पुढे ‘समन्स फॉर जजमेंट’ आल्यावर १० दिवसांत बचावाची परवानगी मागायची. पुरेसं कारण दाखवलं तर न्यायालय हा उशीर माफ करू शकतं.

मुदत संपायच्या आत मागितलेली मुदत

पंचविसाव्या दिवशी लक्षात आलं की जुने फेरफार मिळाले नाहीत, की त्याच आठवड्यात मुदतवाढीचा अर्ज द्या. मुदतीच्या आत आलेल्या अर्जाला न्यायालय बहुतेक वेळा रागावत नाही. तोंडी मागू नका, लेखी द्या, आणि त्या दिवसाच्या रोजनाम्यात, म्हणजे केसच्या तारीखवार नोंदीत, काय लिहिलं गेलं ते बघा. ‘साहेब म्हणाले, पुढच्या तारखेला द्या’ हे रोजनाम्यात नसेल तर ते कुठेच नसतं.

उशीर झालाच आहे

दोन माणसांची गोष्ट सांगते. नावं आणि खुणा बदलून.

कळव्याचे एक काका समन्स मिळाल्यापासून १४० व्या दिवशी माझ्याकडे आले. समन्स सुनेनं घेतलेलं, देव्हाऱ्याखालच्या खणात ठेवलेलं. काकूंचं डायलिसिस आठवड्यातून दोनदा. काकांनी एक कापडी पिशवी टेबलावर उलटी केली: डायलिसिसची कार्डं, औषधांच्या पावत्या, रिक्षाच्या खर्चाचे हिशेब लिहिलेली वही. त्या वहीवरून आम्ही पाच महिन्यांचा तक्ता केला. अर्ज १४६ व्या दिवशी कैफियतीसह दाखल झाला. न्यायाधीशांनी वही हातात घेऊन पानं चाळली, दोन प्रश्न विचारले आणि खर्चाच्या अटीवर कैफियत घेतली.

दुसरे गृहस्थ ९५ व्या दिवशी आले होते. कारखाना, स्वतःचा हिशेबनीस, सगळं होतं. कारण काय, तर ‘कामाच्या व्यापात राहून गेलं’. खरं बोलले, त्याबद्दल मला आदरच वाटला. पण त्या कारणावर अर्ज टिकला नाही.

९० दिवसांनंतरचा पाच दिवसांचा उशीर नाकारला गेला आणि ५६ दिवसांचा माफ झाला. नवख्या माणसाला हे विचित्र वाटतं. यामागचं सूत्र सर्वोच्च न्यायालयानं १९९८ च्या एका निकालात सांगितलेलं आहे: उशीर किती लांब यापेक्षा त्याचा खुलासा पटण्यासारखा आहे का, हे महत्त्वाचं. १९८७ मध्ये अनंतनागच्या भूसंपादन प्रकरणात न्यायालयानं म्हटलं होतं की दर दिवसाचा खुलासा मागताना अक्कलहुशारीनं, व्यवहारी बुद्धीनं वागावं; उशीर करून बहुधा कुणाचाच फायदा होत नसतो. याचा अर्थ काहीही चालतं असा मात्र नाही. २०२५ मध्ये कर्नाटक हाउसिंग बोर्डाच्या प्रकरणात ३९६६ दिवसांचा उशीर उच्च न्यायालयानं माफ केला होता. सर्वोच्च न्यायालयानं तो आदेश रद्द केला. फाइल या टेबलावरून त्या टेबलावर फिरत होती, हे कारण सरकारी खात्यांनाही आता तारत नाही.

म्हणून अर्ज लिहायच्या आधी तक्ता करा. डाव्या बाजूला तारखा, मधे काय घडलं, उजव्या बाजूला त्याचा कागद. जिथे कागद नाही तिथे प्रामाणिकपणे ‘कागद नाही, पण अमुक माणूस हे सांगू शकतो’ असं लिहा. मोबाइलमधले मेसेज, रेल्वेची तिकिटं, दवाखान्याचा डिस्चार्ज कागद, तहसील कार्यालयातल्या अर्जाची पोच, वकिलाला केलेलं पेमेंट, सगळं चालतं. मग अर्जाचा मजकूर आपोआप सुचतो. नमुना असा:

‘प्रतिवादीस समन्स दि. १५ जुलै रोजी मिळाले. कैफियत दाखल करण्याची ३० दिवसांची मुदत दि. १४ ऑगस्ट रोजी संपली. प्रतिवादीच्या वडिलांना दि. २ ऑगस्ट रोजी पक्षाघाताचा झटका आला व ते दि. २८ ऑगस्टपर्यंत रुग्णालयात दाखल होते. त्यांची देखभाल करणारी दुसरी व्यक्ती घरात नाही. डिस्चार्ज कागद सोबत जोडला आहे. दि. ३ सप्टेंबर रोजी प्रतिवादीने वकील नेमले. दाव्यातील जमिनीचे जुने फेरफार मिळण्यासाठी दि. ४ सप्टेंबर रोजी तहसील कार्यालयात अर्ज केला व ते दि. १७ सप्टेंबर रोजी मिळाले. पोच सोबत जोडली आहे. कैफियत आज दि. २० सप्टेंबर रोजी या अर्जासोबत दाखल केली आहे. ३७ दिवसांचा विलंब हेतुपुरस्सर केलेला नाही. तो माफ करून कैफियत दाखल करून घ्यावी.’

यात ‘काही अपरिहार्य कारणांमुळे’ हे शब्द नाहीत, हे लक्षात घ्या. या तीन शब्दांनी जितके अर्ज बुडवले तितके दुसऱ्या कशानं बुडवले नसतील. दिवस ३७ आहेत हे आकड्यात लिहिलंय. समन्सपासून हा ६७ वा दिवस, म्हणजे ९० च्या आतला, हेही तोंडी सांगायला तयार राहा. २८ ऑगस्ट ते ३ सप्टेंबर या मधल्या दिवसांत काय केलं, असा प्रश्न नक्की येईल. जे केलं ते सरळ सांगा.

सर्वात महत्त्वाचं म्हणजे कैफियत सोबत आहे. नुसता विलंब माफीचा अर्ज देऊन ‘मंजूर झाला की कैफियत लिहू’ असं करू नका. तयार कैफियत हातात घेऊन आलेल्या माणसाला खरंच लढायचं आहे, असं दिसतं. अर्जाला प्रतिज्ञापत्र जोडा. त्यावर सही करण्याआधी शेवटपर्यंत वाचा, कारण शपथ तुमची असते, वकिलाची नव्हे.

डॉक्टरांच्या दाखल्याबद्दल कळकळीनं सांगते. आजार नसेल तर दाखला आणू नका. ‘४५ दिवस पूर्ण विश्रांती’ असा दाखला दिलेल्या माणसाचे त्याच दिवसांतले लग्नातले फोटो समोरच्यानं दाखल केलेले मी पाहिले आहेत. त्यानंतर त्या माणसाच्या खऱ्या बचावावरही कुणी विश्वास ठेवला नाही.

‘आधीच्या वकिलांनी काही केलं नाही’ हे कारण न्यायालयं कधी मान्य करतात, कधी नाही. तुम्ही त्यांच्याकडे जात होता, फोन करत होता, फी दिली होती, याचा पुरावा असेल तर मान्य होण्याची शक्यता वाढते. वकीलपत्र दिलं आणि दोन वर्षं फिरकला नाहीत, तर दोष वाटून घ्यावा लागतो.

न्यायाधीश काय तोलतात

दावा कोणत्या टप्प्यावर आहे हे पहिलं. मुद्दे निघाले नसतील, म्हणजे वादाचे प्रश्न न्यायालयानं अजून ठरवले नसतील, तर समोरच्याचं फारसं बिघडत नाही. वादीचा उलटतपास संपल्यावर कैफियत आली तर सगळं पुन्हा करावं लागतं. दुसरं, समोरच्याचं झालेलं नुकसान पैशानं भरून निघेल का. तिसरं, तुमची आधीची वागणूक, म्हणजे रोजनाम्यात तुमच्या नावापुढे ‘गैरहजर’ किती वेळा लिहिलंय. आणि चौथं, ज्याबद्दल कुणी बोलत नाही: तुमच्या कैफियतीत लढण्यासारखं काही आहे का. त्यात काहीच दम नसेल तर उशीर माफ करण्याची न्यायालयाला घाई नसते.

या विवेकाधिकाराला कारणांची चौकट असते. एका प्रकरणात मुंबई उच्च न्यायालयानं अनेक वर्षं उशिरा आलेली कैफियत घेतली होती. २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं ॲटकॉम टेक्नॉलॉजीजच्या निकालात ती परवानगी रद्द केली, कारण उशिराला सबळ कारण दाखवलेलं नव्हतं. म्हणजे तुमचा अर्ज मंजूर झाला तरी तो आदेश टिकण्यासाठी त्यात कारणं असायला हवीत, आणि ती तुमच्याच कागदांतून यायची असतात.

‘कैफियतीशिवाय दावा चालवावा’ असा आदेश झालाय

वकील याला ‘नो डब्ल्यूएस’ म्हणतात; डब्ल्यूएस म्हणजे रिटन स्टेटमेंट, कैफियत. घाबरू नका, पण एक दिवसही घालवू नका. हा आदेश रद्द करण्याचा अर्ज, विलंब माफीचं कारण आणि कैफियत, तिन्ही एकत्र द्या. आदेश रद्द झाला नाही तरी वादीच्या साक्षीदाराचा उलटतपास तुम्ही घेऊ शकता आणि कायद्याच्या मुद्द्यावर युक्तिवादही करू शकता. आणि कैफियत नाही म्हणून दावा आपोआप मंजूर होत नाही. वादीनं स्वतःची बाजू शाबीत करायची असतेच.

एकतर्फी चालवण्याचा आदेश झाला असेल तर निकालापूर्वी हजर होऊन आदेश ९ नियम ७ खाली चांगलं कारण दाखवता येतं. युक्तिवाद संपून प्रकरण निकालाला राखून ठेवलं की ही वाट बंद होते. एकतर्फी हुकूमनामाच, म्हणजे दाव्याचा निकालच, झाला असेल तर आदेश ९ नियम १३. मुदत हुकूमनाम्यापासून ३० दिवस. समन्स नीट बजावलंच गेलं नसेल तर तुम्हाला हुकूमनाम्याची माहिती झाल्यापासून ३० दिवस. माहिती कधी झाली हे सिद्ध करायला दरखास्तीची, म्हणजे हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीची, नोटीस, बेलिफची भेट, अशी ठोस तारीख लागते. बजावणीत बारीक चूक होती, पण तारीख तुम्हाला माहीत होती आणि यायला वेळही होता, एवढ्या चुकीवर हुकूमनामा रद्द होत नाही.

अपिलाला उशीर

दिवाणी न्यायाधीशांच्या निकालावर जिल्हा न्यायालयात अपिलाला ३० दिवस, उच्च न्यायालयात ९० दिवस. इथे मुदत कायद्याचं कलम ५ लागतं आणि अपिलासोबतच विलंब माफीचा अर्ज व प्रतिज्ञापत्र द्यावं लागतं. १९६१ च्या रेवा कोलफील्ड्सच्या निकालापासून एक गोष्ट पक्की आहे: मुदतीचे दिवस तुम्ही शेवटपर्यंत वापरू शकता, ते का वापरले हे सांगावं लागत नाही. खुलासा द्यायचा तो मुदत संपल्यापासून पुढचा.

नकलेसाठी लागलेला वेळ मुदतीतून वगळला जातो. निकाल २ जूनचा, नक्कल अर्ज ५ जूनला केला, नक्कल २० जूनला तयार झाली, तर हे १६ दिवस वगळून अपील १८ जुलैपर्यंत चालतं. दोन्ही तारखा नकलेवरच्या शेऱ्यात असतात. पण मुदत संपल्यावर नकलेचा अर्ज केला तर हा फायदा मिळत नाही. निकाल लागेल त्याच दिवशी घरी जाण्याआधी नक्कल अर्ज टाकून जा.

घरातलं माणूस गेलं तर

नवी मुंबईतल्या वाटपाच्या दाव्यांत हे फार घडतं. दावा वडिलांच्या नावानं, वडील जातात, तेरावं होतं, वर्ष उलटतं, आणि वकिलांना कुणी कळवतच नाही. वारसांना रेकॉर्डवर आणायला ९० दिवस आहेत. ते गेले की त्या पक्षकारापुरता दावा आपोआप रद्द होतो. तो पुन्हा उभा करायचा अर्ज त्यानंतर ६० दिवसांत. तेही गेले तर कलम ५ खाली विलंब माफी. दुःखाचं कारण न्यायालयं समजून घेतात, पण मृत्यूचा दाखला आणि वारसांची यादी घेऊन वकिलाकडे लवकर जा.

दावाच उशिरा दाखल करायचा असेल

इथे मन घट्ट करून वाचा. कलम ५ अपिलांना आणि अर्जांना आहे, दाव्यांना नाही. हातउसने दिलेले पैसे तीन वर्षांत मागितले नाहीत तर नंतर कितीही खरं कारण असलं तरी न्यायालय तो उशीर माफ करू शकत नाही, आणि समोरच्यानं मुद्दा काढला नाही तरी दावा मुदतबाह्य म्हणून फेटाळावाच लागतो. सुटका आहे ती वेगळ्या तरतुदींत. मुदत संपण्याआधी समोरच्यानं सहीनिशी देणं मान्य केलं असेल तर त्या तारखेपासून नवी मुदत. फसवणूक लपवलेली असेल तर ती उघड झाल्यापासून.

आणि कलम १४: चुकीच्या न्यायालयात प्रामाणिकपणे, तत्परतेनं भांडलेला काळ वगळला जातो. आपल्याकडे याची गरज पडते, कारण नवी मुंबई दोन जिल्ह्यांत पसरलेली आहे. ऐरोली, वाशी, नेरुळ, बेलापूर ठाणे जिल्ह्यात. खारघर, कामोठे, कळंबोली पनवेल तालुक्यात, म्हणजे रायगड जिल्ह्यात. खारघरच्या फ्लॅटच्या ताब्याचा दावा बेलापूरला टाकला तर तो परत मिळतो आणि पनवेलला नव्यानं न्यावा लागतो. वसई-पालघरकडच्यांनीही लक्षात ठेवावं की १ ऑगस्ट २०१४ पासून पालघर जिल्हा वेगळा आहे.

समोरच्यानं उशीर केला तर

त्याच्या अर्जावर लेखी म्हणणं द्या. त्याचा तक्ता तपासा, कुठले दिवस रिकामे आहेत ते दाखवा, आणि अर्ज मंजूर करायचाच असेल तर खर्च मागा. त्या आदेशाविरुद्ध वर जायचा विचार असेल तर खर्चाची रक्कम स्वीकारण्याआधी वकिलाशी बोला. ती मुकाट्यानं खिशात घातली तर आदेश मान्य केल्यासारखं होतं.

खर्च, आणि नकार मिळाला तर

उशीर माफ करताना न्यायालय बहुतेकदा खर्च लावतं. तो समोरच्याला किंवा विधी सेवा प्राधिकरणाला द्यायचा असतो. रक्कम छोटी असली तरी तारीख मोठी असते. ठरल्या दिवशी भरला नाही तर मिळालेली परवानगी गळून पडू शकते. समोरच्याचा वकील घेत नसेल तर न्यायालयात जमा करण्याची परवानगी त्याच दिवशी मागा.

कैफियत नाकारली गेली तर मुंबई उच्च न्यायालयात घटनेच्या अनुच्छेद २२७ खाली रिट याचिका करता येते. एकतर्फी हुकूमनामा रद्द करण्याचा अर्ज फेटाळला तर त्यावर अपील आहे. वर जाताना नवी कारणं सुचतात, पण खालच्या अर्जात जे लिहिलेलं नाही त्याला वर फारसं वजन मिळत नाही.

वकिलाची फी परवडत नसेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे जा. महिलांना, मुलांना, अनुसूचित जाती-जमातींतल्या व्यक्तींना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो. इतरांसाठी महाराष्ट्रात वार्षिक उत्पन्नाची मर्यादा ३ लाख रुपये आहे. १५१०० या क्रमांकावर फोन करूनही विचारता येतं. जाताना समन्स, पाकीट आणि तारखांचा तक्ता सोबत न्या. आणि खर्च भरलात की पावती पुरसिशीला, म्हणजे कोर्टाला कळवण्याच्या छोट्या लेखी कागदाला, जोडून त्याच दिवशी दाखल करा, मग रोजनाम्यात ‘खर्च भरला, कैफियत दाखल’ असं उमटलंय का ते स्वतः बघून या.